महाड औद्योगिक वसाहत : नवप्रवर्तन व सर्जनशील विनाश

रायगड जिल्ह्याच्या (१९८१ पूर्वीचा कुलाबा जिल्हा) दक्षिण भागात, सावित्री नदीच्या खोऱ्यात महाराष्ट्र औद्योगिक विकास महामंडळाने वसविलेले, मुख्यत्वे रासायनिक उद्योगांचे क्षेत्र. मुंबईच्या दक्षिणेस सु. १७० किमी. वरील महाड शहराजवळ, बिरवाडीच्या परिसरात ते पसरले आहे. त्याच्या आग्नेयीस पोलादपूर व त्यापलीकडे सह्याद्रीतील घाटवाटा आहेत. नवी तंत्रे व नवे मार्ग जुन्या व्यवसायांना मोडीत काढतात आणि त्या मोडतोडीतूनच अर्थव्यवस्था वाढते, या प्रक्रियेस ऑस्ट्रियन अर्थशास्त्रज्ञ योझेफ शुंपेटर (१८८३–१९५०) यांनी १९४२ मध्ये ‘सर्जनशील विनाश’ ही संज्ञा रूढ केली. फिलिप आघियाँ व पीटर हॉविट यांनी १९९२ मध्ये तिला गणिती प्रतिमानाचे रूप दिले. त्या दोघांना, आर्थिक इतिहासकार जोएल मोकीर यांच्यासमवेत, २०२५ चे अर्थशास्त्राचे नोबेल स्मृती पारितोषिक देण्यात आले. हा सिद्धांत लाभहानीचा हिशोब साऱ्या राष्ट्राच्या पातळीवर मांडतो. महाडसारख्या एकाच गावाचा इतिहास पाहिला असता विनाश एका ठिकाणी आणि सर्जन दुसऱ्या ठिकाणी, असे चित्र वारंवार दिसते.

महाडचे मूळ वैभव खाडीचे होते. सावित्री व गांधारी या नद्यांच्या संगमाजवळ, भरतीचे पाणी जेथवर पोहोचते तेथे हे गाव वसले. जवळच्या गांधारपाले येथील बौद्ध लेणी या मार्गाच्या प्राचीनत्वाची साक्ष देतात. रायगड ही शिवकाळातील राजधानी झाल्यावर महाडचे महत्त्व वाढले. सावित्रीच्या मुखाशी बाणकोट, मध्ये दासगाव आणि आत महाड, अशी ही बंदरांची साखळी होती. मोठी गलबते दासगावच्या अलीकडेच थांबत. लहान होड्या भरतीबरोबर महाडपर्यंत येत. देशावरून कांदा, लसूण, बटाटे, हिरडा व मध हा माल बाहेर जाई आणि मलबारी नारळ, खजूर, खारी मासळी, विलायती कापड, लोखंड, साखर व पुढे रॉकेल आत येई. हा माल घाटावर चढविणारे बैलांचे तांडे, वखारवाले, दलाल, हमाल व तांडेल यांच्यावर गावाचे पोट चाले.

पहिला बदल महाडच्या हिताचा झाला. पोलादपूरहून महाबळेश्वरास जाणारा आंबेनळी (फिट्झेरल्ड) घाट १८७६ मध्ये गाडीवाटेस खुला झाला. जुन्या पारघाटाने पाठीवर गोणी वाहणाऱ्या बैलाचे काम आता गाडी अधिक स्वस्तात करू लागली. तांडेवाल्यांचा धंदा बसला, पण पेठ वाढली. हे सुख अल्पकाळच टिकले. बोरघाटातील लोहमार्ग १८६३ मध्येच पुरा झाला होता. १८९० पर्यंत पुण्याहून दक्षिणेस मिरजेकडे जाणारा लोहमार्गही सुरू झाला. सातारा भागातील माल घाट उतरून खाडीला येण्याऐवजी थेट रेल्वेने मुंबईस जाऊ लागला. महाडचा व्यापारी यात चुकला असे म्हणता येत नाही. त्याची वखार, त्याची पत, घाटवाटांची त्याची माहिती सर्व जागेवर होते. केवळ मालाची वाट बदलली होती. चिपळूण व राजापूर या बंदरांची गतही अशीच झाली. नदीपात्रात साचत गेलेल्या गाळाने उरलेसुरले काम केले. कोकणातून मुंबईच्या गिरण्यांकडे गेलेल्या माणसांचा लोंढा या घटनांपासून वेगळा काढता येत नाही. मुंबई वाढली, तीत या विनाशाचाही वाटा होता.

पेठ ओसरली, तरी तालुक्याचा बाजार राहिला, आणि त्या बाजारानेच एक निराळा प्रश्न पुढे आणला. खेड्यापाड्यांतून येणाऱ्या अस्पृश्यांच्या मालाला बाजार खुला होता, गावच्या पाण्याला मात्र त्यांना हात लावता येत नसे. मुंबई विधिमंडळात १९२३ मध्ये संमत झालेल्या सी. के. बोले यांच्या ठरावाला अनुसरून महाड नगरपालिकेने १९२४ मध्ये आपली पाणवठ्याची ठिकाणे सर्वांस खुली केली. ठराव कागदावरच राहिला, म्हणून २० मार्च १९२७ रोजी डॉ. बाबासाहेब आंबेडकरांच्या नेतृत्वाखाली चवदार तळ्याचा सत्याग्रह घडला. त्याचा न्यायालयीन निकाल लागण्यास १९३७ साल उजाडले. जुने मोडून नवे घडविण्याची महाडच्या भूमीवरील ही सर्वांत मोठी घटना होय. अर्थशास्त्राच्या प्रतिमानांत तिची नोंद होत नाही, इतकेच.

मुंबई–गोवा रस्ता आणि त्यावरील सावित्रीचा दगडी पूल (१९२८) यांमुळे मोटारीने होडीची जागा घेतली. हाच पूल २ ऑगस्ट २०१६ च्या रात्री महापुरात वाहून गेला व अनेक प्रवासी बळी पडले. पुढच्याच वर्षी नवा पूल उभा राहिला. उद्योगांची स्थिती मात्र स्वातंत्र्यानंतरही दीर्घकाळ बेताची होती. महाराष्ट्र औद्योगिक विकास महामंडळ १९६२ मध्ये स्थापन झाले. मुंबई–ठाणे पट्ट्यातील गर्दी हटवून उद्योग मागास भागांत न्यावेत, यासाठी १९६४ पासून राज्याने सवलतींची योजना आखली. महाडला नदीचे पाणी, महामार्ग व सांडपाणी सोडण्यास खाडी, असे तिन्ही मिळाले. विसाव्या शतकाच्या अखेरच्या दशकात येथे रासायनिक कारखान्यांची दाटी झाली.

या कारखान्यांतील नवप्रवर्तन हे बरेचसे टाकाऊतून टिकाऊ करण्याचे आहे. साखर कारखान्यांच्या मळीपासून मद्यार्क, त्यापासून ॲसिटाल्डिहाइड व ॲसिटिक अम्ल आणि त्यांपासून विद्रावक म्हणून वापरले जाणारे एथिल ॲसिटेट, ही साखळी महाडच्या लक्ष्मी ऑर्गॅनिक या कंपनीच्या प्रारंभीच्या उद्योगाचा पाया होती. पण मिथेनॉलपासून ॲसिटिक अम्ल बनविण्याची मॉन्सँटो पद्धत १९७० मध्ये व तिचीच सुधारित कॅटिव्हा पद्धत १९९६ मध्ये जगात प्रचारात आली आणि मद्यार्कापासून काढलेले अम्ल महाग पडू लागले. येथे विनाश कारखान्याच्या भिंतीआड, एका नळीतून दुसऱ्या नळीत घडतो; बाहेरच्यास तो दिसतही नाही. प्रिवी कंपनीने कागदाच्या लगद्याच्या कारखान्यांतून निघणारे कच्चे सल्फेट टर्पेंटाइन शुद्ध करून त्यातील पाइनिनपासून साबण व धुलाईच्या चुऱ्यांत लागणारी सुगंधी रसायने तयार केली. पाइन वृक्षाच्या डिंकापासून मिळणाऱ्या टर्पेंटाइनवरील अवलंबन त्यामुळे घटले. रंगद्रव्ये बनविणाऱ्या पुण्याच्या सुदर्शन केमिकलचे कारखाने रोहा व महाड येथे आहेत. जर्मनीचा हॉयबाख हा रंगद्रव्यांचा समूह २०२४ मध्ये दिवाळखोरीत गेल्यावर त्याचा व्यवसाय २०२५ मध्ये याच कंपनीने विकत घेतला. एकेकाळी युरोपातील कृत्रिम नीळ भारतीय निळीच्या मळ्यांच्या मुळावर आली होती, हे लक्षात घेता चक्र किती फिरले ते कळते.

तथापि या वाढीचे नागरी फळ महाड शहरास मर्यादित प्रमाणातच मिळाले. वसाहत नगरपालिकेच्या हद्दीबाहेर आहे. मोठ्या कंपन्यांची मुख्य कार्यालये मुंबई, नवी मुंबई व पुणे येथे आहेत. नागर अर्थशास्त्राच्या अभ्यासक जेन जेकब्स यांनी १९६९ मध्ये दाखविल्याप्रमाणे शहर वाढते ते जुन्या कामातून नवी कामे फुटत गेल्याने. महाडला कारखाने आले. त्यांना लागणारी यंत्रे, आराखडे व संशोधन बहुतांशी बाहेरूनच येत राहिले. वाहतूक, दुरुस्ती, खानावळी व भाड्याच्या खोल्या हाच स्थानिकांचा मुख्य हिस्सा ठरला. लोणेरे येथे १९८९ मध्ये स्थापन झालेल्या डॉ. बाबासाहेब आंबेडकर तंत्रशास्त्र विद्यापीठात रासायनिक अभियांत्रिकीचे शिक्षण मिळते, ही उणीव अंशतः भरून काढणारी गोष्ट होय.

हानीचा भाग मात्र जागीच राहिला. सामायिक सांडपाणी प्रक्रिया केंद्र उभारले गेले, तरी सावित्री खाडीत मासेमारी करणारे भोई व कोळी पाणी दूषित झाल्याच्या तक्रारी करीत आले आहेत. ३ नोव्हेंबर २०२३ रोजी औषधी रसायनांच्या एका कारखान्यातील स्फोट व आगीत ११ कामगार मृत्युमुखी पडले. २२ जुलै २०२१ च्या महापुरात महाडची बाजारपेठ बुडाली. नदीतील गाळ आणि दासगावजवळील कोकण रेल्वेचा भराव यांमुळे पाणी तुंबते, असे तेथील नागरिकांचे म्हणणे आहे. कोकण रेल्वेचा रोहा–वीर हा टप्पा १९९३ मध्ये सुरू झाला; महाडचे नजीकचे स्थानक शहराबाहेर, वीर येथे आहे. ज्या नदीतून एकेकाळी नारळ व खजुराची गलबते येत, तिच्यातील गाळ काढण्याचे काम पुरानंतर हाती घेण्यात आले ते व्यापारासाठी नव्हे, तर शहराचा पुरापासून बचाव करण्यासाठी.