अविनाश अरुण

मराठी चित्रपट व मालिका दिग्दर्शक, छायालेखक. पुण्याच्या फिल्म संस्थेत छायालेखनाचे शिक्षण. दिग्दर्शक म्हणून पहिला चित्रपट ‘किल्ला’ (२०१४). वडिलांच्या निधनानंतर आईच्या बदलीमुळे कोकणात आलेल्या मुलाचे एकाकीपण व मैत्री त्यात आहे. बर्लिन महोत्सवात त्याला क्रिस्टल बेअर, तर भारतात सर्वोत्कृष्ट मराठी चित्रपटाचा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. २०१५ मध्ये त्यांनी ‘मसान’ व हिंदी ‘दृश्यम’चे छायालेखन केले. ‘पाताल लोक’ (२०२०) या मालिकेचे दिग्दर्शन त्यांनी प्रोसित रॉय यांच्यासह केले. ‘थ्री ऑफ अस’मध्ये (२०२२) स्मृतिभ्रंश जडलेली नायिका वेंगुर्ल्यातील बालपण शोधते. पाऊस, समुद्र व जुन्या वास्तू यांतून पात्रांचे मन उलगडणे, हे त्यांचे मोलाचे वैशिष्ट्य होय.