विचारणारा कोण? : अमेरिकेतील मुक्त गुलामांच्या साक्षी आणि राष्ट्राचा इतिहास

प्रस्तावना

निग्रो गुलामांना दास्यातून मुक्त करण्याच्या कामी स्वार्थत्याग करणाऱ्या अमेरिकेतील लोकांना महात्मा जोतीराव फुले यांनी १८७३ साली आपला ‘गुलामगिरी’ हा ग्रंथ अर्पण केला. अमेरिकेतील गुलामगिरीच्या अंताची ओळख मराठी वाचकाला अशी फार लवकर झाली. परंतु ती मुक्तिदात्यांच्या बाजूने झाली. ज्यांना मुक्ती मिळाली, त्यांचे स्वतःचे म्हणणे काय होते? फ्रेडरिक डग्लस यांच्यासारख्या पळून जाऊन स्वतंत्र झालेल्या व्यक्तींची आत्मकथने एकोणिसाव्या शतकातच प्रसिद्ध झाली होती. डग्लस यांचे पहिले आत्मकथन १८४५ चे आहे. मात्र ही माणसे असामान्य होती. जे मळ्यावरच राहिले, ज्यांना अक्षरओळख होऊ दिली गेली नाही आणि जे मुक्तीनंतरही त्याच जमिनीवर वाट्याने शेती करीत म्हातारे झाले, त्यांच्याकडे जाण्याची गरज अमेरिकेतील विद्यापीठीय इतिहासालाही दीर्घकाळ वाटली नाही.

अशा सामान्य माणसांच्या साक्षी मोठ्या प्रमाणावर नोंदविल्या गेल्या त्या १९३६ ते १९३८ या काळात, आणि त्याही इतिहास संशोधनाच्या नव्हे तर रोजगाराच्या योजनेतून. प्रस्तुत लेखात या साक्षींचे स्वरूप, त्या ज्या परिस्थितीत घेतल्या गेल्या ती परिस्थिती आणि इतिहाससाधन म्हणून त्यांचे मोल यांचा विचार केला आहे. ‘सामान्यांच्या मुखातून इतिहास’ हा शब्दप्रयोग अलीकडे फार सैलपणे केला जातो. मुखातून जे बाहेर पडते ते समोर कोण बसले आहे यावरही ठरते, याचे इतके स्पष्ट उदाहरण दुसरीकडे सापडणे कठीण आहे.

महामंदी आणि लेखकांचा रोजगार

१९२९ च्या शेअर बाजाराच्या कोसळण्यानंतर अमेरिकेत जी महामंदी आली, तिच्या ऐन काळात, म्हणजे १९३३ च्या सुमारास, काम करणाऱ्यांपैकी जवळजवळ चौथा हिस्सा बेकार होता. राष्ट्राध्यक्ष फ्रँकलिन रूझवेल्ट यांच्या शासनाने १९३५ मध्ये ‘वर्क्स प्रोग्रेस ॲडमिनिस्ट्रेशन’ ही यंत्रणा उभारली. रस्ते, पूल, शाळा बांधणे हे तिचे मुख्य काम. परंतु नट, चित्रकार, वादक आणि लेखक हेही उपाशी होते. त्यांच्यासाठी त्याच वर्षी जे उपक्रम सुरू झाले त्यांपैकी एक म्हणजे ‘फेडरल रायटर्स प्रोजेक्ट’, अर्थात संघीय लेखक प्रकल्प. हेन्री अल्सबर्ग हे त्याचे संचालक होते. ऐन भरात सहा हजारांहून अधिक लोक या प्रकल्पात कामाला होते. त्यांत राल्फ एलिसन, रिचर्ड राइट, झोरा नील हर्स्टन, सॉल बेलो अशी पुढे गाजलेली नावे होती. पण बहुसंख्य लोक बेकार झालेले वार्ताहर, शिक्षक, ग्रंथपाल आणि टंकलेखक होते.

या प्रकल्पाचे घोषित काम होते प्रत्येक राज्याचा मार्गदर्शक ग्रंथ तयार करणे. हे वरकरणी निरुपद्रवी काम राष्ट्राच्या ओळखीच्या प्रश्नाला कसे भिडले, हे मॅसॅच्युसेट्सच्या ग्रंथावरून दिसते. तो १९३७ मध्ये प्रसिद्ध झाला. सॅको आणि व्हॅन्झेटी या दोन इटालियन स्थलांतरित कामगारांना १९२७ मध्ये देहदंड झाला होता आणि त्यांच्यावरील खटल्याच्या न्याय्यतेविषयी जगभर संशय व्यक्त झाला होता. ग्रंथात या प्रकरणाला ‘बोस्टन टी पार्टी’पेक्षा अधिक ओळी दिल्या आहेत, हे कोणीतरी मोजून काढले आणि राज्यात गदारोळ उठला. चहाच्या पेट्या समुद्रात फेकणारे अमेरिकन की विजेच्या खुर्चीत मारले गेलेले ते दोघे अमेरिकन, हा खरा वाद होता. ओळींची मोजणी हे निमित्त.

पुढे १९३८ मध्ये मार्टिन डाइज यांच्या अध्यक्षतेखालील संसदीय समितीने या प्रकल्पावर साम्यवादी प्रचाराचा आरोप ठेवला. १९३९ मध्ये केंद्राचा आश्रय संपला. राज्यांच्या आधाराने काम १९४३ पर्यंत रेंगाळले.

मुक्त गुलामांकडे

मुक्त गुलामांच्या आठवणी गोळा करण्याची कल्पना शासनाची नव्हती. फिस्क विद्यापीठ आणि सदर्न विद्यापीठ या कृष्णवर्णीयांच्या संस्थांमधील अभ्यासकांनी १९२९ पासूनच असे काम सुरू केले होते. लेखक प्रकल्पात आधी काही राज्यांनी आपापल्या पातळीवर मुलाखती घेतल्या. त्यानंतर लोकसाहित्याचे सल्लागार जॉन लोमॅक्स यांनी १९३७ मध्ये एक प्रश्नावली तयार करून ती सर्वत्र पाठविली. जन्म कोठे झाला, काय खात होता, कसले कपडे होते, मालकाचे घर कसे होते, कोणाला विकताना पाहिले का, मुक्तीची बातमी कशी कळली, अशा स्वरूपाचे प्रश्न तिच्यात होते. सतरा राज्यांतून २,३०० हून अधिक निवेदने आणि सुमारे ५०० छायाचित्रे जमली. १९४१ मध्ये ती टंकलिखित खंडांच्या रूपाने लायब्ररी ऑफ काँग्रेसमध्ये ठेवण्यात आली.

या निवेदनांचा खजिना त्यांच्या तपशिलात आहे. रात्री मळ्याबाहेर पडणाऱ्याकडे मालकाची चिठ्ठी आहे की नाही हे तपासणारे गस्तवाले आणि त्यांना चकविण्याच्या युक्त्या पुन्हा पुन्हा येतात. मुलांना गुडघ्यापर्यंतचा एकच जाडाभरडा अंगरखा मिळे. अक्षरे गिरविताना सापडल्यास शिक्षा होई. चोरून प्रार्थना करताना दाराशी एक भांडे उपडे ठेवीत. आवाज त्या भांड्यात अडकतो आणि मालकाच्या घरापर्यंत जात नाही, अशी समजूत होती. राज्याराज्यांतील, एकमेकांना कधीही न भेटलेली माणसे हे भांडे सांगतात. मळेमालकांच्या हिशेबवह्यांत आणि पत्रव्यवहारात ते सापडणार नाही, कारण ते मालकाला कळू नये म्हणूनच तेथे होते. केवळ या एका तपशिलासाठीही हा संग्रह जपण्यासारखा ठरला असता.

परंतु याच निवेदनांत दुसरे एक वाक्य वेगवेगळ्या रूपांत भेटते आणि वाचकाला अडखळायला लावते. मालक भला होता, पोटभर खायला मिळत होते, आताच्यापेक्षा ते दिवस बरे होते, असे अनेक वृद्ध सांगतात. गुलामगिरीचे समर्थन करू पाहणाऱ्यांना याहून चांगला पुरावा कोणता हवा होता? हे वाक्य समजून घेण्यासाठी ते कोणत्या वर्षी उच्चारले गेले हे पाहावे लागते. निवेदकांपैकी सुमारे दोन-तृतीयांश लोकांनी ऐंशी ओलांडली होती. म्हणजे १८६५ मध्ये त्यांतील बहुतेक बालके किंवा किशोर होते. मुलांना मळ्यावर पूर्ण काम लागण्यापूर्वीची वर्षे त्यांना आठवत होती. शिवाय १९३७ मध्ये ते भुकेले होते. १९३५ च्या सामाजिक सुरक्षा कायद्याच्या वृद्धत्व विम्यातून शेतमजूर आणि घरकामगार वगळले गेले होते, आणि दक्षिणेतील कृष्णवर्णीयांपैकी फार मोठा वर्ग हीच कामे करीत आला होता. दारात आलेला शासनाचा माणूस आपल्याला मदत मिळवून देईल, अशी आशा बाळगणे अगदी स्वाभाविक होते. दक्षिणेत वंशविभाजनाचे कायदे होते, झुंडीने ठार मारण्याची भीती जिवंत होती आणि मुलाखतकार बहुतांशी गोरे होते. काही ठिकाणी तर ते जुन्या मालकांच्याच परिचयातील होते.

एक वृद्धा, दोन मुलाखती

दक्षिण कॅरोलायना राज्यातील चार्ल्सटन शहरात राहणाऱ्या, वयाची शंभरी ओलांडलेल्या एका वृद्धेची १९३७ मध्ये दोनदा मुलाखत घेण्यात आली. नोंदींत तिचे आडनाव थोडे वेगवेगळे लिहिले गेले आहे. परंतु घराचा पत्ता एकच आहे, मालकाचे नाव एकच आहे, त्यामुळे व्यक्ती एकच, हे इतिहासकारांना ताडता आले.

पहिली मुलाखतकार गोरी स्त्री होती. ती मदत कार्यालयाकडून आली आहे असा वृद्धेचा समज झाला. मालक दयाळू होते का, या थाटाच्या प्रश्नाला तिने काही चांगले, काही वाईट, जसे आताही असते, असे दोन्ही बाजू राखणारे उत्तर दिले. स्वतःच्या मालकाला तर तिने भला माणूस ठरविले. दुसरा मुलाखतकार कृष्णवर्णीय पुरुष होता. त्याच्यासमोर ती वेगळेच बोलली. आईबापांपासून, भावंडांपासून तोडून माणसे विकली जात तेव्हाचा आक्रोश तिने सांगितला. त्याच घरात धुणे धुणाऱ्या एका स्त्रीला झालेली अमानुष मारहाण तिने सविस्तर वर्णन केली.

यांतील खरी साक्ष कोणती? दुसरी खरी आणि पहिली खोटी, असे म्हणण्याचा मोह होतो. पण इतके सोपे उत्तर पुरेसे नाही. दुसऱ्या मुलाखतकारालाही काय ऐकायचे आहे याचा अंदाज ती घेऊ शकत होतीच. शिवाय ध्वनिमुद्रण नव्हते. ऐकलेले टिपून घेऊन नंतर लिहिले जाई, आणि लिहिणाऱ्याच्या हातून मजकूर घडत जाई. तरीही पहिली मुलाखत टाकाऊ ठरत नाही. शंभरी गाठलेली कृष्णवर्णीय स्त्री गोऱ्या पाहुणीसमोर, सरकारी मदतीची आशा मनात असताना, किती जपून बोलते याचा तो अस्सल पुरावा आहे. गुलामगिरी कायद्याने संपून ७२ वर्षे झाली होती आणि तिने शिकविलेली बोलण्यातली सावधगिरी संपली नव्हती. पहिल्या मुलाखतीचा विषय १८६० चा चार्ल्सटन दिसत असला तरी ती १९३७ च्या चार्ल्सटनविषयीच अधिक सांगते.

प्रकल्पातील काही जाणत्यांना ही अडचण दिसत होती. कवी आणि प्राध्यापक स्टर्लिंग ब्राउन हे कृष्णवर्णीयांविषयक मजकुराचे संपादक होते. निवेदकांची बोली हास्यास्पद वाटेल अशा विकृत लेखनात उतरविण्यावर त्यांनी आक्षेप घेतला. व्हर्जिनियात रॉस्को लुईस यांच्या देखरेखीखाली कृष्णवर्णीय मुलाखतकारांचे स्वतंत्र पथक होते; त्यांच्या कामातून १९४० मध्ये ‘द निग्रो इन व्हर्जिनिया’ हा ग्रंथ सिद्ध झाला. असे पथक सर्वत्र असते तर आज हाती असलेला संग्रह निराळा दिसला असता, यात शंका नाही.

इतिहासकारांचा उशिराचा स्वीकार

१९१८ मध्ये युलरिक फिलिप्स यांनी लिहिलेला गुलामगिरीचा इतिहास अनेक वर्षे प्रमाण मानला जात होता. तो प्रामुख्याने मळेमालकांच्या कागदपत्रांवर उभा होता आणि माजी गुलामांच्या कथनांवर विसंबण्यास फिलिप्स तयार नव्हते. मालकाच्या हिशेबवहीला पक्षपाती म्हणावे, असे मात्र त्यांना वाटले नाही. लेखक प्रकल्पाच्या संग्रहातून बेंजामिन बॉटकिन यांनी १९४५ मध्ये निवड प्रसिद्ध केली, तरी विद्यापीठांतील उपेक्षा चालूच राहिली. नागरी हक्कांच्या चळवळीने देश ढवळून निघाल्यावर चित्र बदलले. जॉर्ज रॉविक यांनी १९७२ पासून हा संग्रह खंडशः छापायला आरंभ केला आणि यूजीन जेनोव्हीज यांनी १९७४ च्या आपल्या ग्रंथात त्याचा भरपूर उपयोग केला. जॉन ब्लासिंगेम यांनी १९७५ मध्ये या साक्षींच्या मर्यादांवर कठोर टीका केली. पॉल एस्कॉट यांनी १९७९ मध्ये निवेदनांची संख्यात्मक छाननी करून दाखविले की गोऱ्या आणि कृष्णवर्णीय मुलाखतकारांना मिळालेल्या उत्तरांत ठळक फरक आहे. चार्ल्सटनच्या वृद्धेचे उदाहरण अपवाद नव्हते, हे त्यामुळे सिद्ध झाले.

याच लेखक प्रकल्पाच्या शिकागो शाखेत रेडिओसाठी लिहिणारे स्टड्स टर्केल यांनी पुढे ध्वनिमुद्रक घेऊन महामंदीच्या (१९७०), रोजच्या कामाच्या (१९७४) आणि दुसऱ्या महायुद्धाच्या (१९८४) आठवणी सामान्यांकडून गोळा केल्या. त्यांच्या पुस्तकांना मिळालेली लोकप्रियता रॉविक यांच्या जाडजूड खंडांना कधीच मिळाली नाही.

खंड छापताना रॉविक यांना आणखी एक गोष्ट आढळली. राज्यांच्या दप्तरखान्यांत अशा कित्येक मुलाखती पडून होत्या ज्या वॉशिंग्टनला पाठविल्याच गेल्या नव्हत्या. मिसिसिपीतून तर अगदी मोजक्याच गेल्या होत्या. टेक्सासमधील अनेक मुलाखती पाठविण्यापूर्वी कापून लहान केल्या होत्या. टेक्सास हेच ते राज्य, जेथे मुक्तीची अधिकृत घोषणा सर्वांत उशिरा, १९ जून १८६५ रोजी गॅल्व्हेस्टन येथे झाली. लिंकन यांचा जाहीरनामा अंमलात येऊन त्या वेळी अडीच वर्षे होत आली होती. कृष्णवर्णीय कुटुंबांनी तो दिवस ‘जूनटीन्थ’ म्हणून आपापसांत साजरा करीत ठेवला आणि २०२१ मध्ये तो अमेरिकेची राष्ट्रीय सुट्टी झाला. त्या दिवसाच्या आठवणी ज्या वृद्धांनी सांगितल्या, त्यांच्यापैकी अनेकांच्या मूळ, न कापलेल्या मुलाखती मात्र १९७९ च्या पुरवणी खंडांत प्रथम छापल्या गेल्या. तोवर सांगणारे सर्व निवर्तले होते.