मल्टिव्हर्सस
विनामूल्य खेळता येणारा, आता बंद पडलेला संगणकीय द्वंद्वखेळ. अमेरिकेतील प्लेअर फर्स्ट गेम्सने रचलेला हा खेळ वॉर्नर ब्रदर्सने जुलै २०२२ मध्ये चाचणीरूपात खुला केला. बॅटमन, बग्ज बनी, शॅगी अशी भिन्न कुळांतील पात्रे त्यात एकमेकांशी झुंजत. प्रतिस्पर्ध्यास रणक्षेत्राबाहेर फेकणे हे ध्येय असले, तरी दोघांविरुद्ध दोघे ही जोडलढत व जोडीदारास साहाय्य करणारे डावपेच हेच त्याचे खरे वैशिष्ट्य होय. उत्पन्न मात्र पात्रे व पोशाख यांच्या विक्रीतून येई. जून २०२३ मध्ये मागे घेतलेला हा खेळ २८ मे २०२४ रोजी पुन्हा आला. परंतु ३० मे २०२५ रोजी त्याची ऑनलाइन सेवा थांबली. ४ फेब्रुवारी २०२५ पासून त्या दिवसापर्यंत ज्यांनी एकदा तरी लॉगिन केले, त्यांनाच आपली पात्रे घेऊन ऑफलाइन खेळण्याची सोय ठेवण्यात आली. इतरांची पैसे मोजून घेतलेली पात्रेही गेली.