सोलापूर : युरोपीय वास्तुरचना व नगररचनेचा ठसा

मे १८१८ मध्ये जनरल मन्रोच्या फौजेने सोलापूरचा भुईकोट घेतल्यावर या शहरात युरोपीय वळणाच्या इमारती, वस्त्या आणि रस्त्यांची आखणी हळूहळू आली. तिचे स्वरूप आणि जुन्या शहराशी तिचे जडलेले नाते हा या नोंदीचा विषय आहे. मुंबईत गॉथिक शैली, म्हणजे टोकदार कमानी आणि उंच मनोरे यांवर भर देणारी मध्ययुगीन युरोपातील बांधणी, सरकारी इच्छेने आणि नामांकित वास्तुविशारदांच्या हातून उभी राहिली. सोलापूरला असा कोणी वास्तुविशारद लाभला नाही. येथे युरोपीय रचना आली ती छावणी, रेल्वे, गिरणी व नगरपालिका यांच्या गरजांतून, आणि म्हणून ती एखाद्या ठरलेल्या नकाशात न बसता जिथे जागा मिळाली तिथे रुजली.

त्याआधी शहराला स्वतःची रचना होती. बाराव्या शतकातील संत सिद्धरामेश्वरांनी नगराभोवती स्थापन केल्याची मानली जाणारी अडुसष्ट लिंगे, तळ्यातील सिद्धेश्वर मंदिर, त्याच तळ्याला खेटून असलेला बहमनी काळातील किल्ला आणि मंगळवार, बुधवार, शुक्रवार अशा वारांच्या पेठा यांनी वस्तीला आकार दिला होता. घरे बहुतांशी माळवदाची, म्हणजे लाकडी तुळया व फळ्यांवर माती थापून केलेल्या सपाट छताची असत. मकरसंक्रांतीच्या गड्ड्याच्या यात्रेत नंदीध्वजांच्या काठ्या आजही लिंगांच्या मार्गाने फिरतात, त्यामुळे शहराचा हा जुना आराखडा दरवर्षी पायांनी पुन्हा रेखला जातो.

या शहराला तट होता. वाढत्या वस्तीला जागा हवी म्हणून १८७२ च्या सुमारास नगरपालिकेने पूर्वेकडील तट पूर्णपणे आणि इतर बाजूंचे काही भाग पाडले. तट पाडून शहर मोकळे करणे ही त्या काळातील युरोपीय नगररचनेची ठळक खूण होती : व्हिएन्नाचा तट पाडण्याचा आदेश १८५७ मध्ये निघाला आणि त्या जागी संसद, नाट्यगृह, उद्याने यांनी नटलेला वर्तुळाकार राजमार्ग आखला गेला, मुंबईच्या कोटाच्या भिंतीही १८६० नंतर उतरवल्या गेल्या. सोलापुरात मात्र तटाच्या जागी असा राजमार्ग आला नाही, वस्ती तेवढी पसरली. वेशी गेल्या आणि तुळजापूर वेस, बाळीवेस, विजापूर वेस ही नावे राहिली. ज्यांनी तट पाहिला नाही अशा पिढ्या तटाच्याच खुणांनी पत्ता सांगत आल्या.

छावणीतून लष्कर व सदर बझार हे भाग वाढले, तर १८६० मध्ये ग्रेट इंडियन पेनिन्शुला रेल्वे शहरापर्यंत पोहोचल्यावर किल्ल्याच्या नैर्ऋत्येस स्थानक आणि त्यालगत ‘रेल्वे लाइन्स’ ही बंगल्यांची वस्ती उभी राहिली. बंगला हा शब्द बंगालचा असला, तरी आवाराच्या मध्यभागी, भोवती व्हरांडा ठेवून बांधलेले स्वतंत्र घर ही राहणी इंग्रजांनी रूढ केली. वाड्यात मोकळी जागा घराच्या पोटात, चौकाच्या रूपाने असते. बंगल्यात घरच मोकळ्या जागेच्या पोटात असते. शेजार, सावली आणि बायकांचा वावर या साऱ्यांचा अर्थ या एका फरकाने बदलला. जवळच सातरस्ता आहे. अनेक रस्ते एका बिंदूत आणण्याच्या रचनेला युरोपात सतराव्या शतकातील बरोक, म्हणजे भव्यता व नाट्यमयता जपणाऱ्या, नगररचनेत मोठा मान होता. सातरस्त्याला त्या पद्धतीचे स्मारक किंवा सारखे दर्शनी भाग मिळाले नाहीत, तो वाहतुकीचाच चौक राहिला.

सोलापूरचा चेहरा सर्वाधिक बदलला तो गिरण्यांनी. मोरारजी गोकुळदास यांच्या पुढाकाराने निघालेली सोलापूर स्पिनिंग अँड वीव्हिंग मिल, लोकांच्या बोलीत ‘जुनी मिल’, १८७७ मध्ये सुरू झाली आणि मुरारजी पेठेने त्यांचे नाव घेतले. पुढे नरसिंग गिरजी, लक्ष्मी व विष्णू या गिरण्या आल्या. धुराडे, भोंगा आणि उंच आवारभिंत हा लँकेशायरचा साचा त्यांच्याबरोबर आला. इंग्लंडमध्ये टायटस सॉल्ट या कारखानदाराने १८५० नंतर सॉल्टेअर येथे गिरणीबरोबर कामगारांची घरे, शाळा व प्रार्थनामंदिर यांचे आखीव गाव वसवले होते. सोलापुरात गिरणी आली, तसे गाव आले नाही. कामगार जुन्या पेठांत व चाळींत सामावले, आणि तेलंगणातून आलेल्या पद्मशाली विणकरांनी पूर्व भागात घरातच माग मांडून स्वतःची वस्ती घडवली.

आखीव वस्तीचा एक प्रकार मात्र येथे काटेकोरपणे अमलात आला, आणि तो क्लेशकारक होता. १८७१ चा गुन्हेगार जमाती कायदा पुढे मुंबई इलाख्यातही लागू झाल्यावर कैकाडी, टकारी, पारधी अशा समाजांना जन्मावरून गुन्हेगार ठरवून तारेच्या कुंपणाआड, रोजच्या हजेरीच्या बंधनात ठेवणारी ‘सेटलमेंट’ सोलापुरात उभारली गेली. तेथील माणसे गिरण्यांत कामालाही जात. सरळ रांगा, मोजलेली घरे आणि एकच दार ही नगररचनेची साधने येथे पहाऱ्यासाठी वापरली गेली. हा कायदा ३१ ऑगस्ट १९५२ रोजी रद्द झाला, तरी ‘सेटलमेंट फ्री कॉलनी’ हे नाव वस्तीला चिकटून आहे. सोलापूरच्या वास्तुवैभवाचे वर्णन या कुंपणाला वगळून केले तर ते अपुरे राहते.

शैली म्हणून सर्वांत समृद्ध वास्तू एका देशी धनिकाने बांधली. मल्लप्पा ऊर्फ अप्पासाहेब वारद यांचे इंद्रभुवन हे निवासस्थान विसाव्या शतकाच्या आरंभीचे आहे. दर्शनी भागाची सममिती, म्हणजे मध्यरेषेच्या दोन्ही बाजू सारख्या ठेवणे, आणि स्तंभांची ओळ यांचा वारसा ग्रीक-रोमन परंपरेतून पुनरुज्जीवित झालेल्या युरोपीय अभिजात शैलीकडे जातो. घुमट्या आणि वेलबुट्टी व मूर्तींची दाट सजावट भारतीय कारागिरांच्या सवयीची आहे. युरोपीय नियमानुसार हा गोंधळ ठरला असता. प्रत्यक्षात उन्हात सावल्यांनी जिवंत होणारी ती भिंत डोळ्याला कुठेही अडखळू देत नाही, आणि नक्कल करण्याऐवजी आपल्या हौसेला उपयोगी तेवढे घेण्याचा आत्मविश्वास तिच्यात दिसतो. १९६४ मध्ये स्थापन झालेल्या महानगरपालिकेचा कारभार या वास्तूत आला. १८५० च्या इंग्रजी कायद्याखाली १८५२ मध्ये निघालेल्या आणि १९३० मध्ये आपल्या इमारतीवर तिरंगा फडकवणाऱ्या नगरपालिकेचीच ती वारसदार संस्था होय.

गिरण्या एकामागून एक बंद पडल्या. जुनी मिल १९६० च्या दशकात थांबली. गिरण्यांची आवारे विकली गेली, इमारती व धुराडी पाडली गेली. इंद्रभुवनाचे अलीकडे स्मार्ट सिटी योजनेत जतन झाले, परंतु गिरण्यांच्या बांधकामाला तशी काळजी मिळाली नाही.