पाचशे नव्वदाची बेरीज

आजोबांच्या लोखंडी पेटीत शेतसाऱ्याची एक पावती होती. घडीवर घडी पडून चार ठिकाणी विरलेली, उर्दूतली. तारखेच्या जागी १३४२ असा आकडा आणि त्याला चिकटून एक छोटंसं अक्षर, उर्दूतलं ‘फे’. मी ते हिजरी साल समजून १९२३-२४ असं लिहून ठेवलं होतं. गावातल्या एका म्हाताऱ्या उर्दू जाणकारांनी कागद उजेडाकडे धरला आणि म्हणाले, “बाळा, फे दिसत नाही का? फसली आहे हे. पाचशे नव्वद मिळव.” पावती नऊ वर्षांनी तरुण झाली.

काल्पनिक राज्यं रचणारे कादंबरीकार त्यांना स्वतःचे महिने आणि स्वतःचं साल देतात, ते वाचताना मला ही पावती आठवते. नांदेड-लातूरच्या आपल्या कित्येक पिढ्या अशाच एका रचलेल्या कालगणनेत सारा भरत आल्या.

तिची गरज पडली ती अकरा दिवसांमुळे. हिजरी वर्ष चंद्राचं, साधारण ३५४ दिवसांचं. पीक मात्र सूर्यावर येतं. तेहतीस सुगींच्या काळात हिजरीची चौतीस वर्षं होतात. सारा हिजरी सालाने मागितला, तर एका वर्षाचा सारा न पिकलेल्या पिकावर द्यायची पाळी येते. अकबराच्या दरबाराने ही अडचण ओळखली आणि त्याच्या राज्यारोहणाचं हिजरी ९६३, म्हणजे इ. स. १५५६, हे साल धरून तिथून पुढची वर्षं सौर मानाने मोजली. आकडा हिजरीचा, चाल सूर्याची. फसल म्हणजे पीक; त्यावरून नाव पडलं फसली.

दक्षिणेत हे साल शाहजहानने आणलं, १६३६ मध्ये. त्याच वर्षी अहमदनगरची निजामशाही संपली आणि उदगीर व औसा हे किल्ले मोगलांच्या हाती गेले. म्हणजे ही कालगणना आपल्याकडे आली ती वेढ्यांच्या धुरळ्यातच. तेव्हा हिजरी १०४६ चालू होतं. तोच आकडा उचलून सौर गतीला लावला. १६३६ मधून १०४६ वजा करा, उरतात ५९०. म्हाताऱ्यांनी सांगितलेली बेरीज ती हीच. उत्तरेत ऐंशी वर्षं आधीच आकडा गोठवला होता, म्हणून तिथली फसली आपल्यापेक्षा सुमारे दोन वर्षांनी मागे राहिली. आणि १६३६ ला जोडीने निघालेले हिजरी व फसली तीनशे वर्षांत नऊ वर्षांनी फाकले. माझी चूक नेमकी त्या फटीत झाली होती.

पुढे हैदराबादच्या निजामाच्या राज्यात फसली वर्ष ६ ऑक्टोबरला लागे, १ आजूरला. मुंबई इलाख्यात ते मृगाला आणि मद्रासेत जुलैत लागे. आपल्याकडचे महिने असे: आजूर, दै, बहमन, इस्फंदार, फरवर्दी, अर्दिबेहेश्त, खुर्दाद, तीर, अमरदाद, शहरेवर, मेहेर, आबान. ही नावं इराणातली, इस्लामपूर्व जरथुष्ट्री परंपरेतली; पारशी घरांतल्या कॅलेंडरात ती आजही भेटतात. आजूर म्हणजे अग्नी. इराणात फरवर्दीनने वर्ष सुरू होतं, तेही वसंतात. आपल्याकडे हाच महिना फेब्रुवारीत, वर्षाच्या मधोमध येई. कंधारच्या पटवाऱ्याच्या दप्तरात अशा अग्नीदेवतेच्या नावाने वर्ष उघडावं, हा प्रवास मला फार विलक्षण वाटतो.

शेतकऱ्याने मात्र अमरदाद बघून कधी पेरलं नाही. पेरणी मृग-आर्द्रावर, सण शालिवाहन शकाच्या पंचांगावर, सालगड्याचं साल पाडव्याला, मोहरम हिजरीवर. फसली होती ती कचेरीच्या उंबऱ्यापुरती. पण जमिनीचा कागद त्या उंबऱ्याच्या आतच तयार होई, म्हणून तिचं वजन मोठं.

१७ सप्टेंबर १९४८ ला निजामाची सत्ता संपली, तेव्हा फसली १३५७ चा शेवटचा महिना, आबान, चालू होता. साल मात्र लगेच संपलं नाही. जहागिरी रद्द करणारा कायदा निघाला तोही १३५८ फसलीच्या नावाने, आणि १५ ऑगस्ट १९४९ पासून लागू झाला. जहागीरदारांना घालवणाऱ्या कागदावर त्यांच्याच काळातलं साल! पुढे १९५० च्या हैदराबाद कुळवहिवाट कायद्याने संरक्षित कूळ ठरवताना सलग सहा वर्षांचा कब्जा पाहिला. त्यासाठी धरलेल्या मुदतींपैकी एक होती १३४२ ते १३५२ फसली. दुसऱ्या एका मुदतीत १३५३ फसलीचा पहिला दिवस सांगताना कायद्याने शेजारी ६ ऑक्टोबर १९४३ ही तारीखही लिहून टाकली, आणि ते फार बरं केलं. कसणाऱ्याच्या हातात जमीन राहणार की जाणार, ते या आकड्यांवर ठरत होतं. नऊ वर्षांची चूक तिथे कुणाचं शेत घेऊन गेली असती.

म्हणून जुना कागद हाती आला की मी आता आधी महिना शोधतो. रमजान, सफर, रज्जब असेल तर हिजरी. इराणी नाव असेल तर फसली: आजूर ते बहमन पाचशे नव्वद मिळवायचे, जानेवारी उजाडला की पाचशे एक्याण्णव. आजोबांच्या पावतीत घडीच्या चिरेत अर्धा गेलेला शब्द भिंगाखाली धरून लावला. बहमन. म्हणजे डिसेंबर १९३२. खरिपाची ज्वारी खळ्यावरून घरी येऊन पडली असणार, आणि तिच्या पैशातून त्यांनी हप्ता भरला असणार.