परमुलखी घडलेला पर्वतसूर

देश सुटला म्हणजे देशाचे सूरही हळूहळू सुटतात, अशी एक धास्ती बदलीच्या गावी राहणाऱ्या आपणां सर्वांच्या मनात दबा धरून असते. चिली देशातील ‘लोस हाइवास’ या वाद्यवृंदाचा इतिहास वाचताना ती एकदा तपासून पाहावी, असे आम्हांस वाटले.

१९६३ साली व्हिन्या देल मार या समुद्रकाठच्या शहरात एदुआर्दो, क्लाउदियो व गाब्रिएल हे पार्रा बंधू, गातो आल्किंता आणि मारियो मुतिस यांनी हा वृंद उभारला. नाव इंग्रजी, ‘हाय बास’. काम मेजवान्यांतून लोकांना नाचविण्याचे. साठोत्तर दशकाच्या अखेरीस मात्र त्यांनी ठरीव गाणी बाजूस सारली, आयत्या वेळी सुचेल ते वाजविण्याचा नाद धरला आणि जुन्याच नावास स्पॅनिश उच्चार देऊन ते ‘हाइवास’ झाले. अँडीज पर्वतातील केना ही बासरी, चरांगो हे लहानसे तंतुवाद्य आणि मापुचे लोकांचा त्रुत्रुका हा लांब कर्णा विजेच्या गिटारशेजारी येऊन बसले. १९७२ मधील ‘तोदोस हुंतोस’, म्हणजे ‘सारे मिळून’, हे त्यांचे गीत लोकप्रिय झाले.

११ सप्टेंबर १९७३ रोजी लष्कराने आयेंदे यांचे सरकार उलथले. डाव्या विचारांच्या गायकांनी केना व चरांगो जवळ केलेले असल्यामुळे ती निरुपद्रवी वाद्येच संशयास पात्र ठरली! त्याच वर्षी वृंद अर्जेंटिनात गेला आणि १९७७ मध्ये फ्रान्सला. तेथे सारे सहकुटुंब एकत्र राहत.

त्यांची सर्वश्रेष्ठ कृती या परमुलखातच जन्मली. पाब्लो नेरुदा यांनी १९४३ साली पेरूतील माक्चु पिक्चुचे भग्नावशेष पाहून पुढे एक दीर्घकाव्य लिहिले. त्यास हाइवासांनी १९८१ मध्ये संगीत दिले आणि त्याच अवशेषांत ते वाजवून चित्रित केले. नेरुदाही तरुणपणी रंगून व कोलंबो येथे चिलीचे वाणिज्यदूत होते, म्हणजे आपल्यासारखेच बदलीचे मानकरी.

१९८८ मध्ये पेरूत मोटार-अपघातात गाब्रिएल गेले. पुढे त्यांची कन्या हुआनिता त्यांच्या ढोलांमागे बसली. २००३ मध्ये आल्किंताही निवर्तले. तरी वृंद वाजतच राहिला.

आमच्या मनात एकच गोष्ट घोळत राहते. पर्वताचे हे सूर समुद्रकाठच्या या तरुणांना जन्मतः लाभलेले नव्हते. ते त्यांनी कष्टाने शिकून घेतले होते. शिकून घेतलेली वस्तू माणूस सामानासोबत बांधून नेतो. नुसती वारशाने आलेली वस्तू मात्र पुष्कळदा जुन्या घरीच राहून जाते. आपल्या मुलांना मराठी आपोआप येईल, असे मानून स्वस्थ बसणाऱ्या आम्हांस हे वेळीच कळले, हे बरे झाले.