ई-मेलचा वेषपालट

मराठींत लिहिलेलें पत्र संगणकावरून परगांवीं धाडलें असतां तें वाटेंत कोणत्या रूपानें प्रवास करतें, याची कल्पना पुष्कळांना नसते. 'क' हें अक्षर घ्या. वाटेवर तें अनेकदां 'चार, के, एस्, व्ही' अशा चार चिन्हांच्या वेषांत जातें आणि मुक्कामीं पोंचल्यावर पुन्हां 'क' होतें. हा वेषपालट कां करावा लागला, तें आज थोडक्यांत सांगावयाचें आहे.

१९६३ सालीं अमेरिकेंत 'आस्की' नांवाचें चिन्हकोष्टक ठरलें. त्यांत प्रत्येक चिन्हाला सात बिटें, म्हणजे शून्य किंवा एक लिहिण्याचीं सात घरें, नेमलेलीं. त्यामुळें चिन्हांच्या जागा एकंदर १२८. त्यांत रोमन अक्षरें, अंक, विरामचिन्हें व यंत्राला द्यावयाचे हुकूम बसले. फ्रेंचांचीं स्वरचिन्हें, अरबी लिपी, आपली नागरी यांना तेथें ठाव नव्हता. यांत कोणाची दुष्टबुद्धि होती असें मला वाटत नाहीं. घरापुरता स्वयंपाक करणाऱ्याला शेजारच्या पंगतीची आठवण राहत नाहीं, इतकेंच.

१९७१ मध्यें रे टॉमलिन्सन यांनीं जाळ्यांतून एका यंत्रावरून दुसऱ्या यंत्रावर पत्र पाठविलें. पुढें १९८२ च्या ऑगस्टांत जोनाथन पोस्टेल यांनीं या टपालाचे नियम शब्दबद्ध केले, तेच 'एसएमटीपी'. दोन यंत्रांचें संभाषण मोठें साधें असतें. पाठविणारें यंत्र आधीं आपलें नांव सांगतें, मग पत्र कोणाचें व कोणास हें कळवितें. पलीकडचें यंत्र आंकड्यानें उत्तर देतें. '२५०' म्हणजे ठीक. अखेर एका ओळींत नुसता पूर्णविराम आला कीं पत्र संपलें. पण मजकूर सात बिटांचाच हवा, अशी अट होती. आठवें बिट आढळल्यास कित्येक यंत्रें तें निमूटपणें छाटून टाकीत. यूटीएफ-८ या आजच्या पद्धतींत नागरी अक्षराला आठ-आठ बिटांचे तीन बाइट लागतात. ते असे छाटले, तर 'क'च्या जागीं डॉलरची खूण आणि थोडा केरकचरा उरेल!

१९९२ च्या जूनमध्यें नॅथॅनियल बोरेनस्टाइन व नेड फ्रीड यांनीं 'माइम' हे नियम प्रसिद्ध केले. जगांतले सारे टपालखाने सुधारेपर्यंत थांबण्याऐवजीं त्यांनीं रस्ता तसाच ठेवला व प्रवाशाचा वेष बदलला. ही त्यांची व्यवहारबुद्धि मला विद्वत्तेहूनही मोठी वाटते. तीन बाइट म्हणजे २४ बिटें; त्यांचे सहा-सहांचे चार भाग करावे, व प्रत्येक भागाबद्दल ६४ निर्धोक चिन्हांपैकीं एक लिहावें. मोठीं अक्षरें २६, लहान २६, अंक १०, शिवाय अधिकचिन्ह व तिरकी रेघ, झालीं ६४. या पद्धतीला 'बेस-६४' म्हणतात. बोरेनस्टाइन चौघांच्या एका मेळ्यांत गात असत. ११ मार्च १९९२ रोजींच त्यांनीं त्या मेळ्याचें छायाचित्र व गाणें या रीतीनें पत्राला जोडून पाठविलें होतें.

नागरीचा हिशेब येथें मोठा मौजेचा जमतो. तीन बाइटांचें अक्षर बरोबर चार चिन्हांत बसतें. आणि कोष्टकाची रचनाच अशी कीं, सलग नागरी मजकुरांत प्रत्येक चौकडीचा आरंभ 'चार, के, एस्' किंवा 'चार, के, डब्ल्यू' असाच होतो. शब्दांमधील मोकळी जागा मात्र एकाच बाइटाची. तेथें हा ठेका चुकतो.

हें भाषांतर प्रत्येकानें नव्यानें रचावयाचें नसतें. तें एकदां लिहून फायलींत ठेवितात, व अशा फायलींच्या संचाला 'लायब्ररी' म्हणतात. १९९१ मध्यें बाहेर पडलेल्या पायथन भाषेबरोबर आज अशा दोन फायली मिळतात: 'एसएमटीपी-लिब' पलीकडच्या यंत्राशीं बोलते, 'बेस-६४' वेष चढविते व उतरविते. आपल्या घरांतून जाणारें पत्र बहुधा अशाच कोणत्या तरी फायलीच्या हातून जातें.

पुढें १९९३ सालीं आठ बिटें स्वीकारण्याची सोय टपालाच्या नियमांत झाली, आणि २०१२ मध्यें पत्त्यांतही नागरी अक्षरें चालतील असें ठरलें. तथापि पत्राला जोडलेलीं छायाचित्रें अजूनही बहुतेक त्या ६४ चिन्हांतच जातात, व तीन शेरांचें ओझें वाटेंत चार शेरांचें होतें.